सापडले, सापडले नाही : मुंबईच्या रासायनिक विश्लेषकाच्या प्रयोगशाळेतील नित्याचे काम

गुन्ह्याच्या तपासात विज्ञानाचा प्रवेश कसा झाला, हा इतिहास बहुधा शोधकर्त्यांच्या नावांनी आणि गाजलेल्या खटल्यांनी सांगितला जातो. परंतु न्यायालयापुढे येणारा रासायनिक अहवाल ज्या खोल्यांमध्ये तयार होत असे, तेथे बाटल्यांवरील मोहरा ताडून पाहणारे, नोंदवह्या लिहिणारे, काचसामान धुणारे आणि एकच परीक्षा दिवसामागून दिवस त्याच काळजीने करणारे लोक त्या इतिहासात क्वचितच दिसतात. मुंबई इलाख्यातील रासायनिक विश्लेषकाची, म्हणजे सरकारसाठी विष, रक्त, दारू आणि औषधे तपासणाऱ्या अधिकाऱ्याची प्रयोगशाळा या दृष्टीने पाहिली, तर एक गोष्ट ठळकपणे पुढे येते. या प्रयोगशाळेने न्यायव्यवस्थेला जे दिले त्यात एखाद्या चमकदार उलगड्यापेक्षा मोजके बोलण्याच्या शिस्तीचा वाटा मोठा होता, आणि ती शिस्त अहवालाखाली सही करणाऱ्या अधिकाऱ्याइतकीच, किंबहुना अधिक, त्याच्या हाताखालील सहायकांच्या कामातून घडत गेली.

ब्रिटिश हिंदुस्थानात अशा प्रयोगशाळा एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून उभ्या राहू लागल्या. मद्रासची प्रयोगशाळा 1849 ची, कलकत्त्याची 1853 ची, आग्र्याची 1864 ची आणि मुंबईची 1870 ची मानली जाते. इतर प्रांतांत या प्रयोगशाळेच्या प्रमुखाला रासायनिक परीक्षक म्हणत असत, तर मुंबईत रासायनिक विश्लेषक हे पदनाम रूढ झाले, आणि त्याच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘सी.ए. रिपोर्ट’ हा शब्द महाराष्ट्रातील पोलीस ठाण्यांत आणि न्यायालयांत कायमचा स्थिरावला. भायखळ्याच्या ग्रँट मेडिकल कॉलेजशी या पदाचे नाते आरंभापासून होते. तेथील रसायनशास्त्राचा प्राध्यापकच सरकारचा विश्लेषक असे. 1880 च्या दशकाच्या अखेरीस हिंदुस्थानातील न्यायवैद्यकावर मोठा ग्रंथ लिहिणारे आयझिडोर लायन हे याच परंपरेतले होते. विष ही त्या काळी दूरची वस्तू नव्हती, हे या व्यवस्थेमागील एक प्रमुख कारण होय. सोमल, म्हणजे पांढरा आर्सेनिक, उंदीर मारण्यासाठी, कातडी टिकवण्यासाठी आणि औषधासाठी बाजारात मिळत असे; पिवळा हरताळ आणि तांबडी मनशीळ हीही आर्सेनिकचीच रूपे होत; धोतरा, कण्हेर आणि बिट्टी कुंपणाला वाढत, तर बचनाग आणि कुचला गांध्याच्या दुकानात विकत मिळत. विषांच्या विक्रीवर नियंत्रण आणणारा कायदा मुंबई इलाख्यात 1866 मध्ये झाला आणि सबंध ब्रिटिश हिंदुस्थानासाठी तसा कायदा 1904 मध्ये आला, तरी या वस्तू लोकांच्या हाताशी राहिल्याच.

प्रयोगशाळेचे काम रसायनांपासून नव्हे, तर दप्तरापासून सुरू होत असे. जिल्ह्याच्या ठिकाणी शवविच्छेदन झाल्यावर जठर व त्यातील पदार्थ, आतड्याचा भाग, यकृताचा तुकडा आणि मूत्रपिंड असे अवयव काचेच्या रुंद तोंडाच्या बाटल्यांमध्ये भरले जात. या राखून ठेवलेल्या अवयवांनाच पोलिसी व्यवहारात व्हिसेरा म्हणतात. ते कुजू नयेत म्हणून त्यांवर रेक्टिफाइड स्पिरिट, म्हणजे शुद्ध केलेला तीव्र मद्यार्क, ओतला जाई. मात्र मृत्यू दारूमुळे झाल्याचा संशय असेल तर स्पिरिट वापरणे निरर्थक ठरत असल्याने मिठाचे संपृक्त पाणी वापरावे लागे. बाटली काठोकाठ भरली तर कुजण्यातून निघणाऱ्या वायूने बूच उडण्याची भीती असल्यामुळे वर मोकळी जागा ठेवली जाई, बुचावर कापड बांधून लाखेची मोहर केली जाई, आणि त्याच मोहरेचा नमुना सोबतच्या पत्रावर स्वतंत्रपणे उमटवला जाई. वापरलेल्या स्पिरिटचाही नमुना वेगळ्या बाटलीत पाठवावा लागे, कारण अवयवांत आढळलेले विष स्पिरिटमधूनच आले नाही हे दाखवण्याचा दुसरा मार्ग नव्हता. पोलीस शिपाई हा मुद्देमाल, म्हणजे खटल्याशी संबंधित जप्त वस्तू, घेऊन मुंबईस येई.

प्रयोगशाळेत मुद्देमाल घेणाऱ्या कारकुनाला पहिली जबाबदारी पार पाडावी लागे ती मोहरांची. बाटलीवरील मोहर शाबूत आहे का, ती पत्रावरील नमुन्याशी जुळते का, बाटल्यांची संख्या आणि चिठ्ठ्यांवरील मजकूर पत्रातील यादीबरहुकूम आहे का, हे पाहून तो नोंदवहीत तारीख, आणणाऱ्या शिपायाचा क्रमांक आणि मोहरांची स्थिती लिही व प्रत्येक वस्तूला प्रयोगशाळेचा स्वतःचा क्रमांक देई. वरवर पाहता हे केवळ कारकुनी काम होते, परंतु पुढील सर्व रसायनशास्त्र त्यावर उभे असे. मोहर तुटलेली असेल किंवा दोन बाटल्यांच्या चिठ्ठ्यांची अदलाबदल झाली असेल, तर कितीही अचूक परीक्षा केली तरी न्यायालयात तिला अर्थ उरत नसे. वकिलाचा पहिला हल्ला नेहमी या साखळीवरच होई, आणि तिच्यातील प्रयोगशाळेचा दुवा सांभाळणाऱ्या या कारकुनाचे नाव सहसा अहवालात येत नसे.

सर्वांत अधिक वेळा शोध घ्यावा लागे तो आर्सेनिकचा. सोमलाला लक्षात येण्याजोगी चव नसते, तो पिठात किंवा दुधात मिसळता येतो, आणि त्याने होणाऱ्या उलट्या व जुलाब पटकीसारखे दिसतात. पटकीच्या साथी वारंवार येणाऱ्या देशात विषप्रयोग रोगाच्या आड लपणे त्यामुळे सोपे होते. या विषाच्या शोधासाठी इंग्लंडमधील जेम्स मार्श यांनी 1836 मध्ये प्रसिद्ध केलेली परीक्षा आणि जर्मनीतील ह्यूगो राइन्श यांची 1841 ची परीक्षा या दोन्ही प्रचारात होत्या. मार्शच्या परीक्षेत जस्त आणि विरल गंधकाम्ल यांपासून निघणाऱ्या हायड्रोजनमध्ये संशयित द्रव घातला जातो. आर्सेनिक असेल तर आर्सीन नावाचा वायू तयार होतो, तो पेटवून ज्योतीवर चिनी मातीची थंड बशी धरली की तिच्यावर तपकिरी-काळा, चकाकणारा डाग उमटतो. अँटिमनी या धातूचाही तसाच डाग पडत असल्याने तो हायपोक्लोराइटच्या द्रावात विरघळतो की नाही हे पाहावे लागे, कारण आर्सेनिकचा डाग विरघळतो आणि अँटिमनीचा टिकतो. राइन्शच्या परीक्षेत आम्लात उकळलेल्या नमुन्यात तांब्याचा स्वच्छ पत्रा बुडवतात. त्यावर करडा थर बसला तर पत्रा धुऊन, वाळवून अरुंद नळीत तापवतात आणि नळीच्या थंड भागावर जमलेले अष्टफलकी स्फटिक सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात.

ग्रंथातील वर्णनावरून या परीक्षा सोप्या वाटल्या, तरी मेजावर त्यांना मोठी पूर्वतयारी लागे. मांस आणि चरबी यांच्यात अडकलेले विष मोकळे करण्यासाठी अवयव बारीक कापून हायड्रोक्लोरिक आम्ल आणि पोटॅशियम क्लोरेट यांच्यासह तासन्‌तास तापवावे लागत, त्यातून क्लोरीनचा गुदमरवणारा धूर निघे, आणि उरलेला द्रव गाळून त्यातून हायड्रोजन सल्फाइड हा कुजक्या अंड्यांच्या वासाचा वायू सोडला की आर्सेनिकचा पिवळा साका तळाशी बसे. त्याहूनही महत्त्वाची होती ती कोरी परीक्षा, म्हणजे नमुना न घालता केवळ रसायने घेऊन केलेली तीच परीक्षा. बाजारातील जस्त आणि गंधकाम्ल यांत आर्सेनिकचा अंश अनेकदा आढळतो. म्हणून दर वेळी उपकरण आधी रिकामे चालवून बशीवर डाग उमटत नाही याची खात्री करून घ्यावी लागे. सहायकाने ही पायरी एकदा गाळली तर एखाद्या निरपराध माणसाच्या गळ्याभोवती फास पडू शकत होता. ज्या कामाचे फळ म्हणून काहीच दिसायचे नाही, ते काम पूर्ण एकाग्रतेने करणे, हा या व्यवसायाचा गाभा होता.

धातूंच्या विषांपेक्षा वनस्पतिजन्य विषे अधिक अवघड होती, कारण मांस जाळणाऱ्या आम्लांत ती स्वतःच नष्ट होतात. बेल्जियममधील एका निकोटिन विषप्रयोगाच्या तपासात झां स्तास यांनी 1850 मध्ये यावर मार्ग काढला आणि पुढे ऑटो यांनी त्यात सुधारणा केली. अवयव टार्टारिक आम्लयुक्त मद्यार्कात भिजवून द्रव गाळायचा, तो आटवायचा, मग अल्कधर्मी करून ईथरबरोबर हलवायचा आणि ईथर उडून गेल्यावर घड्याळकाचेवर उरणारा लहानसा अवशेष तपासायचा, अशी ही पद्धत होती. उष्ण हवेत ईथर हाताळणे धोक्याचे असे, आणि अनेक दिवस प्रवास करून आलेल्या कुजक्या अवयवांतून अल्कलॉइडांसारखीच वागणारी द्रव्ये निघत. 1870 च्या दशकात इटालियन रसायनशास्त्रज्ञ सेल्मी यांनी या कुजण्यातून होणाऱ्या द्रव्यांकडे लक्ष वेधल्यानंतर एका रंगपरीक्षेवर विसंबून निष्कर्ष काढणे अप्रशस्त ठरले. म्हणून सहायक रासायनिक रंगाच्या जोडीला शरीराची साक्ष घेत असत. कुचल्यातील स्ट्रिक्निन गंधकाम्ल व पोटॅशियम डायक्रोमेट यांच्याशी जांभळा रंग देई, पण त्याबरोबर त्याचा तीव्र कडूपणा जिभेवर पाहिला जाई आणि बेडकाला येणारे आचके पाहिले जात. बचनागाचा अंश जिभेला मुंग्या आणून ती बधिर करी. आणि धोतऱ्याचा अर्क मांजराच्या डोळ्यात घातल्यास बाहुली विस्फारत असे. विष ओळखण्यासाठी विषाचाच कण जिभेवर ठेवणारी ही पद्धत आज धक्कादायक वाटते, परंतु त्या काळी जीभ हे मेजावरील मान्यताप्राप्त उपकरण होते.

धोतऱ्याच्या बाबतीत तर साधे भिंगही रसायनांच्या बरोबरीने उपयोगी पडे. वाटसरूंना अन्नातून धोतऱ्याचे बी खाऊ घालून लुटण्याचे गुन्हे हिंदुस्थानभर नोंदले गेले होते आणि उलटीत किंवा जठरात सापडणारे बी मिरचीच्या बियांसारखे दिसत असे. स्वयंपाकात मिरची सर्वत्र असल्याने हा घोटाळा रोजचाच होता. मिरचीचे बी पातळ, पिवळसर आणि धारदार कडेचे असते, तर धोतऱ्याचे बी जाड, तपकिरी, खाचखळग्यांचे आणि दुहेरी कडेचे असते. बी मधोमध कापल्यास आतील अंकुराची वळणेही निरनिराळी दिसतात. शेकडो बिया पाहून तयार झालेली ही नजर पुस्तकातून मिळणारी नव्हती, ती प्रयोगशाळेत एका सहायकाकडून दुसऱ्याकडे जात असे.

प्रयोगशाळेचे सामर्थ्य आणि तिची मर्यादा ही दोन्ही एकाच वेळी दाखवणारे प्रकरण बडोद्याचे होय. 9 नोव्हेंबर 1874 रोजी बडोद्याचे रेसिडेंट कर्नल फेअर यांना त्यांच्या सरबताविषयी संशय आला. पेल्याच्या तळाशी राहिलेला गाळ आधी रेसिडेन्सीचे शल्यचिकित्सक डॉ. सीवर्ड यांनी पाहिला आणि नंतर मुंबईच्या विश्लेषकाचे काम पाहणाऱ्या डॉ. ग्रे यांच्याकडे पाठवला. गाळात आर्सेनिक निघाले आणि त्यासोबतचे चकाकणारे कण हिऱ्याच्या भुकटीचे असावेत असे मत पुढे आले. बडोद्याचे महाराज मल्हारराव गायकवाड यांच्यावरील विषप्रयोगाच्या आरोपाच्या चौकशीसाठी 1875 मध्ये नेमलेल्या आयोगात ब्रिटिश सदस्यांनी त्यांना दोषी मानले, तर हिंदी सदस्यांना आरोप सिद्ध झाला असे वाटले नाही, आणि अखेर सरकारने मल्हाररावांना पदच्युत केले. पेल्यात विष होते की नाही, एवढ्याच प्रश्नाला प्रयोगशाळेचे उत्तर होते. ते कोणाच्या सांगण्यावरून कोणाच्या हाताने पडले, हा प्रश्न साक्षीदारांचा आणि राजकारणाचा होता. जनावरांच्या विषप्रयोगाच्या असंख्य प्रकरणांतही हीच सीमा होती. कातडीच्या लोभाने गुरांना सोमल चारला जातो किंवा गुंजेच्या बियांच्या लगद्याची टोकदार सुई टोचली जाते, असा आरोप वसाहतकालीन अहवाल सबंध जातींवर सर्रास ठेवत असत. प्रयोगशाळा बैलाच्या जठरात सोमल आहे की नाही हे सांगू शके, पण त्यावरून एखाद्या जातीला गुन्हेगार ठरवणे हे रसायनशास्त्राचे काम नव्हते, तो राज्यकर्त्यांचा पूर्वग्रह होता.

रक्ताच्या डागांनी या कामाला दुसरी बाजू दिली. खुनाच्या तपासात कुऱ्हाडी, कोयते, धोतरे, लुगडी, खणून काढलेली माती असा मुद्देमाल येई, आणि त्यावरील तांबूस डाग रक्ताचा, पानाच्या पिंकेचा, गंजाचा की रंगाचा, हे प्रथम ठरवावे लागे. प्राथमिक रंगपरीक्षा डाग रक्ताचा असू शकतो एवढेच सांगत; खात्रीसाठी डागाचा कण मीठ आणि संहत अॅसेटिक आम्ल यांच्यासह तापवून टाइखमान यांनी 1853 मध्ये वर्णिलेले तपकिरी स्फटिक मिळवावे लागत किंवा वर्णपटदर्शकातून रक्तरंजकाच्या काळ्या पट्ट्या पाहाव्या लागत. तरीही रक्त कोणाचे, हे दीर्घकाळ सांगता येत नसे. पक्ष्यांच्या तांबड्या पेशी अंडाकार आणि केंद्रकयुक्त असल्याने कोंबडीचे रक्त वेगळे काढता येई, पण बकऱ्याच्या आणि माणसाच्या वाळलेल्या रक्तात भेद करणे शक्य नव्हते, म्हणून अहवालात ‘सस्तन प्राण्याचे रक्त’ एवढेच लिहिले जाई. जर्मनीतील पाउल उलेनहुट यांनी 1901 मध्ये अवक्षेप परीक्षा दिल्यावर हे चित्र बदलले. सशाला मानवी रक्तद्रव टोचून तयार झालेला प्रतिद्रव केवळ मानवी रक्ताच्या अर्काशीच गढूळ होतो, हे तिचे तत्त्व होय. या कामासाठी कलकत्त्यात इम्पीरियल सीरॉलॉजिस्ट, म्हणजे रक्तद्रवतज्ज्ञ, हे पद निर्माण झाले आणि रक्तडागांवर ग्रंथ लिहिलेले डब्ल्यू. डी. सदरलँड यांनी ते सांभाळले. तेव्हापासून प्रांतांतील प्रयोगशाळांमध्ये रक्त सिद्ध झाल्यावर डागाचा तुकडा कापून, क्रमांक घालून, मोहरबंद करून कलकत्त्याला पाठवण्याचे एक नवे नित्यकर्म सुरू झाले, आणि मूळ साखळीत आणखी एका लांबच्या प्रवासाची भर पडली.

या सर्व श्रमाचे फलित असलेला अहवाल मात्र अत्यंत त्रोटक असे. वस्तूंची यादी, मोहरांची स्थिती आणि ‘आर्सेनिक आढळले’ किंवा ‘कोणतेही विष आढळले नाही’ असा निष्कर्ष एवढेच त्यात असे. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम 510 नुसार रासायनिक परीक्षक किंवा सहायक रासायनिक परीक्षक यांच्या सहीचा अहवाल त्यांना साक्षीला न बोलावताही पुरावा म्हणून घेता येत असे; ही तरतूद नसती तर अधिकाऱ्यांचे दिवस जिल्ह्याजिल्ह्यांतील न्यायालयांच्या फेऱ्यांत गेले असते. तथापि तिची किंमतही होती, कारण ज्याच्या हाताने परीक्षा झाली त्याची उलटतपासणी बहुधा होतच नसे आणि अहवालाची विश्वासार्हता सर्वस्वी प्रयोगशाळेच्या आतल्या शिस्तीवर अवलंबून राही. सहायकाचे नावही संहितेत आले, हे विशेष होय. कलकत्त्यात कन्नीलाल डे आणि चुनीलाल बोस यांच्यासारखे हिंदी रसायनशास्त्रज्ञ या खात्यात पुढे आले, तरी वरिष्ठ पदे दीर्घकाळ इंडियन मेडिकल सर्व्हिसमधील गोऱ्या डॉक्टरांकडेच राहिली आणि मेजावरचे काम करणारे बहुतेक हिंदी सहायक, कारकून व हमाल अनाम राहिले.

त्यांच्या प्रकृतीची किंमतही नोंदवली पाहिजे. मार्शच्या परीक्षेत तयार होणारा आर्सीन वायू किती घातक आहे हे जर्मन रसायनशास्त्रज्ञ गेलेन यांच्या 1815 मधील मृत्यूने आधीच दाखवून दिले होते. हायड्रोजन सल्फाइड, क्लोरीन आणि ईथर यांचा सहवास रोजचा होता, आणि तोंडाने ओढायच्या पिपेटमुळे एखादा घोट आत जाण्याचा संभव कायम असे. रक्ताच्या प्राथमिक परीक्षेसाठी विसाव्या शतकात सर्वत्र वापरले गेलेले बेंझिडिन मूत्राशयाच्या कर्करोगाला कारण होते हे पुढे सिद्ध झाले, तोवर कित्येक पिढ्यांनी ते उघड्या हातांनी हाताळले होते.

स्वातंत्र्यानंतर कामाचा भार आणि स्वरूप दोन्ही बदलले. 1949 च्या मुंबई दारूबंदी कायद्यामुळे जप्त दारूच्या बाटल्यांचा ओघ सुरू झाला, आणि 1959 मध्ये झालेल्या बदलांनंतर आरोपीच्या रक्तातील मद्यार्काचे प्रमाण 0.05 टक्के आहे की नाही हे मोजण्याचे काम त्यात मिळाले. आता ‘आढळले’ एवढे पुरेसे नव्हते, किती आढळले याचा आकडा द्यावा लागे. शेतीत एंड्रिन आणि पॅराथिऑनसारखी कीटकनाशके आली, तशी सोमलाची जागा त्यांनी घेतली, आणि मार्शच्या उपकरणाच्या जागी कागदावरील व पातळ थरावरील वर्णलेखन, म्हणजे मिश्रणातील घटक ठिपक्यांच्या रूपाने वेगळे करण्याची पद्धत, आली. भारतातील पहिली राज्य न्यायवैज्ञानिक प्रयोगशाळा 1952 मध्ये कलकत्त्यात आणि मुंबईची 1958 मध्ये सुरू झाली. आज न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळा या नावाने तिचे काम कालिन्याहून चालते, आणि नागपूर, औरंगाबाद (आताचे छत्रपती संभाजीनगर), पुणे येथेही प्रादेशिक शाखा झाल्या.

याच संक्रमणाच्या काळात अनंत चिंतामण लागू विरुद्ध मुंबई राज्य हा खटला उभा राहिला. पुण्याच्या एका डॉक्टरबरोबर नोव्हेंबर 1956 मध्ये रात्रीच्या गाडीने मुंबईस निघालेली श्रीमंत विधवा बेशुद्धावस्थेत रुग्णालयात पोहोचली आणि मरण पावली. तिच्या व्हिसेऱ्यात रासायनिक विश्लेषकाला कोणतेही विष आढळले नाही. तरीही आरोपीच्या आधीच्या व नंतरच्या वर्तनाच्या परिस्थितिजन्य पुराव्यावरून त्याला शिक्षा झाली आणि सर्वोच्च न्यायालयाने ती बहुमताने कायम केली. काही विषे शरीरात खूण न ठेवता नाहीशी होतात, हे न्यायालयाने विचारात घेतले. या निकालाने प्रयोगशाळेचे महत्त्व कमी झाले असे मानणे चूक ठरेल. ‘आढळले नाही’ आणि ‘नव्हते’ या दोन विधानांतील अंतर विश्लेषकाने प्रामाणिकपणे राखले, तपासयंत्रणेची सोय पाहून अहवालात एका शब्दाचीही भर घातली नाही, आणि म्हणूनच उरलेला पुरावा स्वतःच्या बळावर तोलणे न्यायालयाला शक्य झाले.

न्यायवैज्ञानिक प्रयोगशाळेचा इतिहास लिहिताना केवळ शोधांची आणि यंत्रांची यादी देऊन भागत नाही, ते याच कारणासाठी. मोहर ताडून पाहणे, कोरी परीक्षा करणे, मिरचीचे बी धोतऱ्याच्या बियांतून वेगळे काढणे, जेवढे दिसले तेवढेच लिहिणे, या सवयी कोणत्याही यंत्राबरोबर आपोआप येत नाहीत. त्या पगाराने लहान आणि नावाने अज्ञात अशा माणसांनी दीडशे वर्षांत जोपासल्या. उपकरणे कितीही बदलली तरी आरोपीचे स्वातंत्र्य आणि मृताला मिळणारा न्याय हे दोन्ही अजूनही त्याच सवयींवर अवलंबून आहेत, आणि म्हणून त्या माणसांना न्यायाच्या इतिहासात न्यायाधीश व वकील यांच्या शेजारी स्थान मिळणे हा त्यांचा हक्क आहे.